रत्नाक्काच्या कवड्या

हे मी कुणालाच सांगितलेलं न्हाय. नवऱ्याला न्हाय, आईला न्हाय, बस्तीत, म्हणजे आमच्या जैनांच्या देवळात, देवापुढं हात जोडून बसले तवा मनातल्या मनातसुद्धा न्हाय. जिला सांगायला पाहिजे ती आत तांदूळ निवडत बसलीया — तिलाबी न्हाय. तुम्हाला सांगते. का, ते इचारू नका. स्वतःचा लई संताप आलाय म्हणा, झालं.

निपाणीजवळ आमचं गाव, आणि घर जैनाचं. लग्न होऊन आले तवा घरात माझा नवरा, सासरे — त्यांना मी मामा म्हणायची — आणि थोरली नणंद रत्नाक्का. न कळत्या वयात कपाळ पांढरं झालेलं तिचं. ती माहेरीच राह्यली, आणि सासू गेल्यापासनं चूल तिच्याच ताब्यात. दुसरं काय होतं तिच्याजवळ? मामा व्रती माणूस. पाणी लेकीनंच गाळायचं, भाकरी लेकीनंच थापायची. कवा मी केलेली भाकरी पानात पडली की हसत इचारायचे, "ही रत्नाची न्हवं?" साधं हसणं. पण मला झोंबायचं. बघा, एवढ्याशावरनं!

रत्नाक्काकडं कवड्या होत्या. पिवळ्या, पाठीवर गाठी असलेल्या, वेंगुर्ल्याकडनं आलेल्या. दुपारी आम्ही दोघी सोप्यात खडूनं घरं आखून चौकाबारा खेळायचो. कवा कवा मामाबी येऊन बसायचे, मुठीत कवड्या खुळखुळवायचे. मनाजोगं दान पडलं की लेकीला म्हणायचे, "बघ गं, आता कशी हरतीस!"

मग मामांच्या पोटात आग पडायला लागली. अन्न टिकंना. अंगाची नुसती काडी झाली. वैद्यानं कवडीचं भस्म सांगितलं, तुपातनं द्यायचं. मामा तसल्या दुखण्यात उठून बसले.

"समुद्रातल्या जिवाचं अंग हाय ते. दोन इंद्रियं असत्यात त्याला — कातडं कळतंय, चव कळती. मरीन, पण तोंडात घालणार न्हाय."

आणि खेळताना? तवा ते जिवाचं अंग न्हवतं? मुठीत खुळखुळवताना कुठं गेलतं हे शहाणपण? हा राग मला तवाबी आलता, आजबी येतोय. पण थांबा — मामांवर चिडून मी माझं झाकतीया. तीच माझी खोड.

कवडी जाळायची कशी, ते मी माहेरी बघितलेलं. मामा पडल्यापासनं खेळ बंदच, कवड्यांचा डबा कोण उघडतंय! रत्नाक्का बस्तीत गेली तशी तिच्या डब्यातल्या कवड्या घेतल्या, मातीच्या परळात झाकून तिच्याच चुलीत घातल्या, कुटून वस्त्रगाळ केल्या. सैपाक तिचा, ताट न्यायचं काम माझं. जाता जाता तुपात चिमूट कालवायची. दया आली म्हणून? आली असंल थोडी. पण खरं सांगू? मामा माझ्यामुळं उठावेत, आणि "रत्ना, रत्ना" जरा बंद व्हावं, एवढंच होतं मनात.

मामा उठले. आल्यागेल्याला सांगायचे, "सुनेनं सेवा केली, म्हणून हाय मी." मी पदर सारखा करून खाली बघायची. निर्लज्ज!

भांडी घासायची राख मामा आधी स्वतः चाळून बघायचे, किडामुंगी नको म्हणून. एक दिवस त्या राखेत कवडीचं अर्धं जळकं टवकं निघालं, आणि मामांना उमगलं — भस्म पोटात गेलं.

"कवडी कुणाची?"

"माझी, आप्पा," रत्नाक्का म्हणाली.

"आणि चूल?"

"माझीच. पण म्या न्हाय केलं, आप्पा. शपथ."

तिथंच मी नवऱ्यासाठी भाकरी थापत होते. थापतच राह्यले. मामांनी माझ्याकडं बोट केलं आणि म्हणाले, "ही बिचारी ताट आणत हुती, हिला काय ठाव?" रत्नाक्कानं माझ्याकडं संशयानं बघितलं का? न्हाय. तिच्या मनातसुद्धा आलं न्हाय. नुसती भोळी! एकदा तरी माझ्या अंगावर धावून यायची होतीस गं!

मामांनी प्रायश्चित्त म्हणून उपास धरले. रत्नाक्काला चूल बंद. तिच्या हातचं पाणीसुद्धा बंद.

पुढं गावात मुनिमहाराज आले. वर्साला ही सेवा रत्नाक्काची असायची — दारात कलश घेऊन उभं राह्यचं, आहार द्यायचा. तिला गोठ्याकडं धाडलं आणि कलश माझ्या हातात आला. महाराजांनी घास घ्यायच्या आधी देणारीनं मोठ्यानं म्हणायला लागतंय — मन शुद्ध, वचन शुद्ध, काया शुद्ध, आहार-जल शुद्ध. वाटलं, जीभ झडंल. झडली का? काय झडतीया! खणखणीत म्हटलं. महाराजांनी माझ्या हातचा घास घेतला, आणि रत्नाक्का गोठ्याच्या दारातनं हात जोडून बघत होती. त्यानंतर कितीतरी वर्सं मीच म्हणत आले.

स्वराज्य यायच्या थोडं आधी मामा अंथरुणाला खिळले. शेवटी शेवटी डोळं उघडंनात. जीभ कोरडी पडली. रत्नाक्का पाण्याची वाटी घेऊन उशाशी बसली.

"आप्पा, एक घोट घ्या."

मामांनी आवाज ओळखला, आणि ओठ घट्ट मिटले.

"आप्पा, म्या काय केलं न्हाय हो. घ्या की."

ओठ मिटलेलेच. खोलीत आम्ही तिघंच. एवढंच म्हणायचं होतं मला — मामा, ते मी दिलतं. कोण मारणार होतं मला? मरणारा माणूस? का वाटी धरून रडणारी ती?

मी तिच्या हातातली वाटी काढून घेतली. म्हटलं, "मामा, मी हाय." मामांनी तोंड उघडलं, आणि माझ्या हातचं पाणी प्याले.