बाईची चाल

पोशेऱ्याच्या वरच्या पाड्यात, जिवाच्या घरात देवीचा मुखवटा असायचा. वर्षभर कापडात गुंडाळलेला. बोहाड्याला, म्हणजे देवादिकांची सोंगं नाचवण्याच्या उत्सवाला, कापड सुटायचं आणि लुगडं नेसलेला, चोळीत चिंध्या कोंबलेला जिवा देवी होऊन नाचायचा. बोहाड्यात सोंगं पुरुषच घेतात, बायांचीसुद्धा. एकेक सोंग एकेका घराचं. त्या घरातलं माणूस नाचलं नाही, तर मुखवटा दुसऱ्या घरी जातो.

अठ्ठ्याण्णव साली जिवाचा गुडघा गेला. मुलगा कमलेश ठाण्याला बांधकामावर होता. येतो म्हणाला, आला नाही. लक्ष्याच्या घरचे मुखवट्यावर टपलेलेच होते.

"मी नाचते," पुतळी म्हणाली. नवऱ्याला सोडून बापाकडे परतलेली थोरली लेक.

जिवा हसला. "बाईनं बाईचं सोंग कसं घ्यायचं गं?"

"तू घेतोस तसं."

मग तो ओटीवर बसून शिकवायला लागला. "कंबर टाक. अजून. मान वाकडी कर. बाईसारखी चाल!"

"बाबा, अशी कोण चालते? आई चालायची?"

जिवा गुडघा चोळत राहिला. "नाय," शेवटी म्हणाला. "तिच्या डोक्यावर कायम कायतरी असायचं."

शेवटच्या दिवशी, उजाडता उजाडता, देवी आणि महिषासुराचं युद्ध होतं. मुखवट्याआड पुतळी होती. लोकांना वाटलं, कमलेश आला. चोळीत चिंध्या कोंबायची तिला गरज नव्हती. मान ताठ, पाऊल सपाट. डोक्यावर मोळी घेऊन डोंगर उतरावा, तशी ती महिषासुरावर चालून गेली. संबळवाला रघु आधी चुकला, मग निमूट तिच्या पावलामागे वाजवू लागला.

नाच संपल्यावर पाड्याचा कारभारी बुधा पुढे आला. "कमलेश, ठाण्याला जाऊन चाल बिघडली रं तुझी. बाई वाटतच नव्हतास!"

पुतळीने मुखवटा उतरवला.

मग बायांच्या घोळक्यात रखमी म्हातारी खिदळली. "घ्या! म्हणं बाई वाटत नव्हती!" आणि ते हसू मांडवभर पसरलं.

लक्ष्या ओरडला, "हे चालायचं नाय! मुखवटा आमच्या घरी द्या!"

"घरातलं माणूस नाचावं, असंच ठरलंय ना, बुधाकाका?" पुतळीला धाप लागली होती. "मी माणूस नाय का?"

बुधाने जमिनीकडे पाहिलं, मग लक्ष्याकडे. "ठरलंय तसंच," तो म्हणाला. "मुखवटा जिवाकडेच राहील. पण पोरी, पुढल्या साली जरा कंबर..."

"नाय."

त्यानंतर कैक बोहाडे ती नाचली. कंबर कधी हलली नाही. घामेजल्या कपाळावरून मुखवटा उतरवताना कुणी कौतुकाने म्हणायचं, "काय सोंग घेतलंस, पुतळे!"

"सोंग बाबा घ्यायचा," ती म्हणायची आणि मुखवटा कापडात गुंडाळून, डोक्यावर ठेवून, हात न लावता घरी चालू लागायची.