उठलं की पान गेलं

आमच्या नेरूळच्या बिल्डिंगमध्ये एक लेखिका राहते, हे आम्हाला राजलक्ष्मी भोईटेनेच सांगितलं. सोसायटीच्या सत्यनारायणाला नवीनच आली होती. प्रसादाचा द्रोण हातात घेऊन म्हणाली, "मी वयात येणाऱ्या पोरापोरींसाठी कादंबऱ्या लिहिते. चांगल्या असतात." आपली आरती आपणच ओवाळली म्हणा ना! पण मला ती तिथेच आवडली. उगाच लाजून पदर तोंडाला लावणाऱ्या बायकांचा मला वैताग येतो.

बाई साताऱ्याकडची. नवरा, सयाजीराव, तुर्भ्याच्या कांदा-बटाटा मार्केटात एका व्यापाऱ्याकडे नोकरीला. इथे आल्यावरची तिची पहिली कादंबरी आमच्या मागच्या तळ्यावर तराफा सोडणाऱ्या पोरांची होती. प्रकाशक म्हणाला, "हे सगळं खेड्यात न्या, सेक्टरमध्ये कसली गोष्ट घडणार?" हिने त्याला सुनावलं, "सेक्टरला नंबर असला म्हणून तिथं माणसं राहत न्हाईत व्हय? आमच्या पोरांचं गाव तेच." पुस्तक निघालं, सेक्टरसकट. पुढच्या तिन्ही कादंबऱ्यांतही तोच सेक्टर.

तिची लिहायची रीत मात्र जगावेगळी. प्रकरण लिहून झालं की शनिवारी संध्याकाळी गच्चीच्या दाराशी, अगदी वरच्या पायरीवर बसून ती मोठ्याने वाचायची. खाली पायऱ्यापायऱ्यांवर पोरं, तिच्या बाजूला पाण्याचा माठ. कंटाळा आला तर खुशाल उठायचं, पाणी प्यायचं. कोणी रागवणार नाही. पण कोणी उठलं की ते पान गेलं! राजलक्ष्मी तिथल्या तिथे पेन्सिलीने त्यावर काट मारायची. पोरांनी आधी माकडचाळे करून पाहिले, पण चांगली पानं गेल्यावर गोष्टच अडायला लागली, तेव्हा ती जपून उठायला शिकली. सगळ्यात जाणती जाई, दुसऱ्या मजल्यावरच्या नंदकिशोरची मुलगी. दुसरं कोणी उठलं तर राजलक्ष्मी थोडी कुरकुरायची. जाई उठली की मुकाट्याने पेन्सिल उचलायची.

शहाण्णव साली कुंदाची कादंबरी चालू होती. ही कुंदा रिकाम्या प्लॉटवर पोरींची क्रिकेट टीम उभी करते आणि त्या नादात दहावीचा अभ्यास मागे पडतो. शेवटच्या प्रकरणात निकाल. त्या वर्षी आमच्या जाईचीही दहावीच होती. आणि प्रकरण वाचायच्या आठवड्यातच बोर्डाचा निकाल लागला, जाई गणितात नापास झाली.

पोरीने खोलीचं दार लावून घेतलं. बिल्डिंगभर पेढे फिरत होते, आणि दुसरा मजला आला की पेढेवाले चपला न वाजवता वर सटकत होते. मला त्याचाच जास्त संताप आला. घरात काय मयत झालं होतं?

कुंदाला पास करा म्हणून बायका राजलक्ष्मीच्या मागे लागल्या. शुक्रवारी खुद्द नंदकिशोर आला. मी तिथेच गवार निवडत बसले होते.

"वहिनी, शेवट बदला, नायतर वाचन कॅन्सल करा. पोरगी आधीच टेन्शनमध्ये आहे."

"भावोजी, कुंदा मार्चपासनं नापास आहे. तवाच लिहून झालंय."

"मग आता करा ना पास. तुमच्याच हातात आहे."

"आणि जाईला काय कळंल? की नापास पोरीची गोष्ट सांगायचीसुद्धा आम्हाला लाज वाटती?"

नंदकिशोर उठला. "तिला आणखी रडवलंत, तर तुमचंआमचं बोलणं बंद."

मला धास्ती वाटली, खोटं कशाला बोलू. बाई हट्टी, पोरगी हळवी. उद्या डाव फसला तर जाई पुन्हा त्या जिन्यावर पाय ठेवणार नव्हती.

शनिवारी जाई आली. डोळे सुजलेले. वरची नेहमीची जागा सोडून तळच्या पायरीवर बसली. तिच्या खाली, जिन्याच्या वळणावर, नंदकिशोर कठड्याला टेकून उभा.

राजलक्ष्मीने नेहमीच्याच खणखणीत आवाजात वाचायला घेतलं. कुंदाच्या हातात मार्कशीट येते. नापास. पोरं एकमेकांकडे बघेनात. कुंदा घरी येते, दारात आत्या उभी. आत्या तिला पोटाशी धरते आणि यश, अपयश, आयुष्य, सगळं समजावून सांगते. फार सुंदर लिहिलं होतं हो. माझे तर डोळे भरून आले.

आणि जाई उठली.

नंदकिशोर पुढे झाला. पण जाई खाली गेली नाही. पोरं गुडघे आखडून वाट देत होती आणि ती वर चढत होती, माठापर्यंत. पेला भरला, घटाघटा प्यायली.

"काकू, हे पान बोर आहे."

राजलक्ष्मीने कागद मांडीवर ठेवले. "का गं?"

"आत्या किती बोलते! निकाल लागल्यापासून मला सगळे हेच ऐकवतायत. कोण ऐकतं तेव्हा? कुंदा सकाळपासून शाळेत उभी होती ना? तिला भूक लागली असेल."

ते पान राजलक्ष्मीचं लाडकं होतं, तिच्या तोंडावरच दिसत होतं. तिने पेन्सिल काढली आणि काट मारली. मग पान उलटून पुढच्यावरही मारली, कारण आत्या तिथेही बोलतच होती.

"आता हितं वर बस," ती म्हणाली. "खाली बसून माझी पानं बिघडवलेली मला चालायची न्हाईत."

जाई आपल्या पायरीवर बसली. तिला हसू आलं होतं, ते मी पाहिलं. तेवढ्यात खालून नंदकिशोरचा घोगरा आवाज आला.

"जाई, तू जेवलीस का गं?"

"झालं की येते, बाबा. आईला भात टाकायला सांगा."

छापील पुस्तकात आत्याचं भाषण नाही. कुंदा दारात येते आणि आत्या विचारते, "जेवलीस का गं?" एवढंच. बिल्डिंगमध्ये कोणी पाहुणा आला की नंदकिशोर ते पान उघडून त्याच्यापुढे धरतो आणि सांगतो, "बाकीचं सगळं वहिनींचं. ही ओळ माझी."