गावच्या जावयावर केस

आमच्या बेळगुंदीत आमच्या घराला मान हाय, आन् त्यो मीच मिळवलाय. पर माझा धाकटा भाऊ भरमाणा बी काय कमी न्हवता. सरकारी गोदामावर त्यानं जल्मभर वॉचमनकी केली. रिटायर झाल्यावर त्याची पेन्शन आडली, कारण आदीची रोजंदारीवरची वर्सं धरायला दाखला लागतो, त्यो गोदामाचा साहेब देईना. आन् ह्यो साहेब म्हंजे आमच्याच गावचा जावई.

मी म्हटलं, "खेच की त्याला कोर्टात. बेळगावातला सगळ्यात मोठा वकील माझ्या वळखीचा हाय."

"अण्णा, गावच्या लेकीचा नवरा हाय त्यो. जत्रंला पाटावर बसवून जेवाय वाढतो, आन् त्यालाच कोर्टात उभा करू व्हय?"

"मग त्यो तुला दारात उभा करतोय, त्ये रं?"

"जावई हाय. रुसायचाच."

आठ वर्सांनी जावई रिटायर हून खुर्चीवरनं उतरला, तवा कुठं भरमाणानं खात्यावर केस घातली. तवर त्याची बायको सुमन बेळगावात टिळकवाडीला लोकांच्या घरी भाकऱ्या थापून घर चालवत हुती. गेल्या साली निकाल लागला. पेन्शन हितनं फुडं मिळंल, पर मागचं बुडालं. इतकी वर्सं का आला न्हाईस, असं जज्जानं इचारलं. जावयाचं नाव भरमाणानं शेवटपतोर घेतलं न्हाय.

आमच्या भरमाणानं गावची अब्रू राखली, असं मी चारचौघांत छाती फुगवून सांगतो. सुमनची कंबर आता वाकलीय. ती चहा घिऊन आली की मातर माझ्यानं त्ये सांगवत न्हाय.