फुईला तोरणमाळ दाखवायला निघाले

तोरणमाळला जायचं खूळ माझं नव्हतं. शहाद्यात राहून मी रोज सातपुडा पाहते, पण शाळेच्या खिडकीतून. पोरी पाढे म्हणत असतात, वर्गात खडूचा धुरळा असतो आणि पलीकडे ती निळी रेघ. इतकाच आमचा संबंध. खूळ होतं माझ्या फुईचं, म्हणजे माझ्या वडिलांच्या थोरल्या बहिणीचं.

संक्रांतीला मी माहेरी ब्राह्मणपुरीला गेले होते. फुई ओट्यावर तुरीच्या शेंगा सोलत बसली होती. शेंगांवरून नजर न उचलता ती म्हणाली, "कमल, शहादाथून तो रुमाल नावना माणूस लोकेस्ले तोरणमाळ लई जास म्हणे. माले लई जासी का?"

मी हसले. मग तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि हसू थांबलं.

माझे आजोबा जंगलखात्यात नाकेदार होते. त्यांचा नाका तोरणमाळच्या पठारावर होता आणि फुई तिथेच वाढली. बारा-तेरा वर्षांची झाल्यावर तिला खाली आणून तिचं लग्न लावलं. वर्षाच्या आत नवरा प्लेगात गेला. तेव्हापासून ती आमच्या घरात आहे. तिने आधी माझ्या वडिलांना वाढवलं, मग आम्हा भावंडांना, आता माझ्या भावाच्या मुलांना वाढवते आहे. वर परत जाण्याबद्दल तिने कधी चकार शब्द काढला नव्हता. निदान आमच्या कानांवर आला नव्हता.

माझ्या वडिलांना, अण्णांना, हे मुळीच पटलं नाही. "म्हतारपणमा काय डोंगर चढानी हौस? तठे वाघ शेतस, हिवताप शे!"

"मरनं त आठेबी शेच ना भाऊ," फुई म्हणाली. "निदान देखीसन मरसू."

अण्णा तरातरा खळ्याकडे निघून गेले. त्यांचा नकार मी ऐकलाच नाही असं ठरवलं आणि फुईला शहाद्याला घेऊन आले.

ज्यांना जायचं असेल त्यांच्यासाठी सांगते. रुमालदादा हा वरच्याच एका पाड्यावरचा, पावरा जमातीचा माणूस. तिशी-पस्तिशीचा, सडपातळ, डोक्याला लाल फडकं. हिवाळ्यात तो शहाद्याहून मंडळी घेऊन जातो. पहाटे निघायचं, डोंगर चढायचा, तलाव आणि गोरखनाथाचं देऊळ पाहायचं आणि दिवेलागणीला परत. पायथ्यापर्यंत लॉरी, पुढे पायी. ज्यांना चालवत नाही त्यांना तट्टू. हल्ली लढाईमुळे पेट्रोल मिळेल तशी लॉरी निघते, तेव्हा आधी चौकशी करून जावं. जेवणाची सोय वर नाही. आम्ही ज्वारी-उडदाच्या कळण्याच्या भाकरी, लसणाची चटणी आणि तीळगूळ बांधून घेतला होता. पाणी वाटेत झऱ्याचं मिळतं, पण लहान मुलं असतील तर उकळलेलं सोबत असावं. आणि कांबळं विसरू नये. खाली शहाद्यात जी थंडी अंगाला गोड वाटते, ती वर दात वाजवते.

लॉरीत आमच्याखेरीज कापसाचे एक व्यापारी आणि त्यांची बायको होती. शेठजींना वाघ बघायचा होता. दर मैलाला ते रुमालदादाला विचारत, "आठे शे का?" आणि तो दर वेळी तितक्याच गांभीर्याने सांगे, "आत्ता झोपी ऱ्हायना व्हई, शेठ."

गावाबाहेर पडल्यावर दोन्ही बाजूंना वेचणीला आलेला कापूस होता. अजून पुरतं उजाडलं नव्हतं, आणि त्या अंधूक उजेडात सगळं रान पांढरं दिसत होतं. जसजसे उत्तरेकडे सरकलो तसतशी काळी जमीन संपून मुरूम लागला. मग दगड लागले आणि शेतं लहान होत गेली. रस्ता इतका खडबडीत की शेठाणीबाईंनी डोळे मिटून घेतले होते. फुई मात्र फळीला धरून ताठ बसली होती. मी विचारलं, "फुई, पाठ दुखते का?" तिने ऐकलंच नाही.

पायथ्याशी चहा मिळतो, गुळाचा आणि धुरकट, पण त्या थंडीत अमृतासारखा. तिथून चढण सुरू होते. फुईसाठी तट्टू ठरवलं होतं. ती थोडं अंतर बसली आणि मग उतरलीच. "हाई जनावर माले पाडी," म्हणाली, आणि लुगड्याचा ओचा खोचून चालू लागली. मी तिच्यामागे, रुमालदादा पुढे. तट्टावर मग शेठाणीबाई बसल्या.

चढण खरोखर छातीवर येते. आधी सालई आणि अंजन, मग सागाचं दाट रान, आणि वाट खडकाला बिलगून वर वळत जाणारी. एका वळणावर थांबून मागे पाहिलं, तर खाली अख्खा खानदेश पसरलेला. दूरवर तापीचं पाणी चमकत होतं. मी पाहतच राहिले. फुईने एकदाही मागे वळून पाहिलं नाही. ती झाडांकडे बघत होती. एका जुन्या आवळ्याच्या बुंध्यावर हात ठेवून थोडा वेळ उभी राहिली आणि पुन्हा चालू लागली. एरवी ती ब्राह्मणपुरीच्या विहिरीवरून घागर आणताना दोनदा टेकते. त्या दिवशी मीच धापा टाकत तिला म्हणत होते, "फुई, जरा हळू."

पठारावर पोचलं की वाटतं, आपण डोंगर चढलोच नाही, दुसऱ्याच कुठल्या सपाट मुलखात आलो. उघडी माळरानं, मधूनमधून झाडी, दूरदूर विखुरलेली एकेकटी घरं आणि मधोमध तलाव. पाणी इतकं स्थिर, की पलीकडच्या टेकडीची सावली त्यात उलटी उभी. शेठजी वाघाला विसरले आणि बूट काढून पाण्यात पाय सोडून बसले.

फुईला मात्र तलाव नको होता. "नाका कथा शे?" तिने रुमालदादाला विचारलं.

नाका नव्हता. रुमालदादाने दाखवलं तिथे एक दगडी जोतं होतं आणि त्यावर घाणेरीची झुडपं माजली होती. फुई त्या जोत्याभोवती एक चक्कर मारून आली. तिच्या चेहऱ्यावर काहीच नव्हतं, आणि मला भीती वाटली. आयुष्यभर मनात जपलेलं हेच असेल, तर हिने खाली जाऊन काय करायचं?

मग ती म्हणाली, "सुरमी नावनी एक पोर व्हती. तिना बाप आम्ना नाकावर लाकडं टाके. ती जित्ती शे का?"

"सुरमी आजी?" रुमालदादा म्हणाला. "ती त शे. तठे, त्या मोहाना मांगे घर शे तिनं."

शेठ मंडळींना देवळाची वाट दाखवून आम्ही तिकडे गेलो. बांबूच्या कुडाचं, मातीने लिंपलेलं घर. अंगणात मक्याची कणसं वाळत घातलेली. दारात एक म्हातारी सूप घेऊन धान्य पाखडत होती. गळ्यात चांदीची जड हासळी, अंगाने काटक. तिने आमच्याकडे पाहिलं. पांढऱ्या लुगड्यातली एक खालची बाई आणि चष्मा लावलेली एक मास्तरीण. तिने रुमालदादाला काहीतरी विचारलं आणि परत सूप हलवायला लागली.

फुई अंगणात उभी राहिली. तिचे ओठ हलत होते, पण आवाज फुटत नव्हता. मग तिने एक वाक्य म्हटलं. तुटक, अडखळत, एकेक शब्द जागेवर ठेवावा तसं. मला त्यातलं काही कळलं नाही. मी जन्मापासून फुईच्या मांडीवर वाढले, पण ती पावरी बोली मी तिच्या तोंडून कधीच ऐकली नव्हती.

रुमालदादा चमकून तिच्याकडे बघायला लागला.

"काय म्हणाली?" मी विचारलं.

"म्हणी, 'तुन्ही बकरीनी मन्हा परकर खादा.'"

सुरमीच्या हातातलं सूप तिरपं झालं आणि धान्य ओघळून जमिनीवर सांडलं. ती उठून जवळ आली. फुईची हनुवटी धरून तिचं तोंड उजेडाकडे वळवलं आणि नीट निरखलं. "राधी?" ती म्हणाली.

फुईचं नाव राधा आहे हे मला माहीत होतं. पण तिला त्या नावाने हाक मारणारं माणूस मी पहिल्यांदाच पाहत होते.

मग दोघी उंबऱ्याशी बसल्या. आधी फुई एखादा शब्द बोले आणि थांबे. सुरमी पुढचा पुरवी. फुई तो घोळवून पाही, पुढे जाई. हळूहळू थांबणं कमी झालं. उन्हं डोक्यावर येईपर्यंत ती घडाघडा बोलत होती. तिचा आवाजसुद्धा बदलला होता, उंच आणि भरभर झाला होता. ती हातवारे करत होती, मांडीवर थापा मारत होती. घरात फुई हळू बोलते. ती आहे की नाही हे कळू नये इतकी हळू. मी अंगणात बसून ऐकत राहिले. एक अक्षरही कळत नव्हतं आणि तरी उठावंसं वाटेना.

सुरमीच्या सुनेने मक्याची भाकरी आणि उडदाची डाळ वाढली. फुईने सोवळंओवळं काही पाहिलं नाही. मीही जेवले. तशी डाळ मला अजून करता आलेली नाही.

उन्हं कलली तसा रुमालदादा उठला. "चाला बाई. अंधार व्हवाना पहिले घाट उतरनं पडी."

मी फुईच्या खांद्याला हात लावला. ती म्हणाली, "तुमी जा. मी नही येत."

मला वाटलं, थट्टा करतेय. "फुई, लॉरी थांबायची नाही."

"थांबाडूच नको."

"अगं, पण किती दिवस?"

"ते माले काय माहीत?"

मी तिच्यासमोर खाली बसले. "आणि आजारी पडलीस तर? इथे वैद्य नाही, डॉक्टर नाही. लोक काय म्हणतील? अण्णा मला दारात उभं करणार नाहीत. त्यांना मी काय सांगू?"

"ते तू देख," ती म्हणाली. "तू मास्तरीण शे."

मला रडू यायला लागलं, आणि रागही आला. फुईने माझं डोकं जवळ ओढून घेतलं. "पोरी, मी तुन्हावर रुसेल नही शे. तुम्ही लोकेस्नी माले कधी उपाशी ठेवं नही. पण तठे मी बोलतू कोणसंगे?"

आमच्या भरल्या घरात दिवसभर कोणी ना कोणी फुईला हाक मारतं. फुई, पाणी दे. फुई, पोराला घे.

सुरमी मध्येच काहीतरी बोलली. रुमालदादाने सांगितलं, "ती म्हणस, मका घरमा भरेल शे, खाटबी शे. बाईले सांग, काळजी करू नको."

मी माझं कांबळं फुईच्या खांद्यावर टाकलं. ती वाटेपर्यंत पोचवायलाही आली नाही. वळून पाहिलं, तेव्हा दोघी वाकून सांडलेलं धान्य वेचत होत्या.

उतरण चढणीपेक्षा वाईट असते. गुडघे थरथरतात आणि मुरमावर पाय घसरतो, तेव्हा काठी जरूर घ्यावी. शेठाणीबाईंनी एकदा विचारलं, "म्हतारीले एकली सोडी दिन्हं?" खालच्या वळणावर तापीचं पाणी सकाळसारखंच चमकत होतं. मला ते बघवेना. लॉरीत माझ्या शेजारची जागा रिकामी होती आणि शहाद्यापर्यंत मी तिच्यावर हात ठेवून बसले होते.

दुसऱ्या दिवशी ब्राह्मणपुरीला जाऊन अण्णांना सांगितलं. ते ओरडले. इतके की शेजारी दारात आले. "मन्ही बहीण डोंगरमा टाकी उनी!" असं त्यांनी सगळ्या गल्लीला ऐकवलं. मी खाली मान घालून परत आले.

वर जाणारे लोक मला आता विचारतात, सहल कशी झाली, काय बघावं? मी तलाव सांगते, देऊळ सांगते, सीताखाईची दरी सांगते. हे सगळं खरोखर बघण्यासारखं आहे. पण मला ते नीट आठवतच नाही. मला आठवतो तो फुईचा उंच, भरभर आवाज. एखादं आवडतं माणूस तीस वर्षं जवळ असावं आणि त्याचा खरा आवाज एकाच दुपारी ऐकायला मिळावा, तोही न कळणाऱ्या भाषेत. शाळेत पोरी पाढे म्हणतात तेव्हा मधूनच माझं लक्ष उडतं. वाटतं, पुन्हा जाऊन त्या अंगणात नुसतं बसावं. फुई अजून वरच आहे. रुमालदादा निरोप आणतो, की ती बरी आहे आणि सुरमीशी रोज भांडते.

महाशिवरात्रीच्या थोडं आधी अण्णा अचानक शहाद्याला आले. बरोबर एक गाठोडं होतं. रागाने फुगलेलेच होते. "रुमालनी लॉरी कधळ जाई?" त्यांनी विचारलं. "तिले आणाले जासू."

"उद्या पहाटे," मी म्हणाले. गाठोडं उचलून कोपऱ्यात ठेवताना त्यातून फुईची जाड गोधडी दिसली. तिची दोन लुगडी आणि पाण्याचा तांब्याही. "आणायला जाताय, तर हे कशाला नेताय?"

"तठे थंडी ऱ्हास," अण्णा म्हणाले आणि पलीकडे बघायला लागले.

जेवून हात धुतल्यावर ते पाटावरच बसून राहिले. मग म्हणाले, "ती पावरीमा बोलनी?"

"हो. आधी अडखळली. मग सगळं आठवलं तिला."

"सगळं?"

"सगळं."

फुईबरोबर अण्णांनाही वरून खाली आणलं, तेव्हा ते पाच-सहा वर्षांचे होते. त्यांचाही जन्म त्याच नाक्यावरचा, हे माझ्या कधी मनातच आलं नव्हतं.

"मी बी बोलू तव्हय," ते म्हणाले. "ताईपेक्षा जास्ती बोलू. आते एकबी शब्द याद येत नही. मी दोन दिनथून याद करी ऱ्हायनू."

पहाटे मी त्यांना लॉरीपर्यंत सोडायला गेले. पुढची चांगली जागा सोडून ते मागे रुमालदादाशेजारी जाऊन बसले. गाठोडं मांडीवर घेतलं. इंजिन सुरू झालं, आणि त्या आवाजात त्यांनी रुमालदादाकडे वाकून काहीतरी विचारलं. तो हसून एक शब्द म्हणाला. अण्णांनी तो म्हणून पाहिला. रुमालदादाने मान हलवून पुन्हा सांगितला. लॉरी वळणावर दिसेनाशी होईपर्यंत अण्णांचे ओठ हलत होते.