एका प्रकरणात संपवलेली कादंबरी

परदेशात, ईस्ट टामाकीच्या वेअरहाऊसमध्ये आम्ही दोघी एका टेबलवर शॅम्पूच्या बाटल्या खोक्यांत भरायचो. माझं शिक्षण संपलं होतं, पण त्याला शोभणारी नोकरी मिळत नव्हती. ती माझ्या आईच्या वयाची. थायलंडमधल्या एका साप्ताहिकात तिच्या कादंबऱ्या क्रमशः यायच्या. लग्न करून ती इथे आली, पुढे लग्न मोडलं, लिहिणं चालूच राहिलं. मोठ्या बहिणीला थाईत ‘पी’ म्हणतात, तेच मी तिला म्हणायचे. ती मला ‘नोंग’ म्हणायची, म्हणजे धाकटी.

लंच ब्रेकमध्ये ती मला पुढचं प्रकरण तुटक इंग्रजीत सांगायची. ऐकताना माझा घास हातातच राहिला, की तिथे ती प्रकरण तोडायची.

“तू बोलत नाहीस ते बरंय,” म्हणायची. “बोलणारे उगाच कौतुक करतात.”

मग ती फोनवर अंगठ्यांनी भराभर थाईत लिहायची. मी तेव्हा आईला मराठी मेसेजही रोमन लिपीत करायचे.

त्या वर्षीची कादंबरी दोन बहिणींची होती. धाकटी भांडून घर सोडून गेलेली. थोरली भाताची गिरणी बंद करून तिला शोधायला निघालेली, आणि कित्येक आठवडे वाटेतच होती.

एका सकाळी हातमोजे चढवताना ती म्हणाली, “साप्ताहिक बंद होतंय. एकाच प्रकरणात संपव म्हणाल्या संपादकबाई.”

“पूर्ण पुस्तक काढ ना, पी.”

“माझ्या वाचक बायका पुस्तकं घेत नाहीत. सलूनमध्ये केस वाळेपर्यंत वाचतात. त्यांना शेवट तिथेच मिळायला हवा.”

“मग थोरलीला विमानाने पाठव.”

“गिरणीवालीला विमान? मारतील मला.”

तो आठवडाभर ती रोज नवा शेवट सांगायची. दोघींना भेटवायचं तर इतक्या वर्षांचा राग एका पानात मावेना. एकीला मारून पाहिलं, तेही जमेना. उभं राहून माझे पाय सुजलेले असायचे. एकदा मी नुसतंच “चालेल” म्हटलं.

“दमलीस म्हणून चालेल?”

“हो.”

“मीही,” म्हणाली.

शुक्रवारी तिने प्रकरण पाठवलं. थोरली धाकटीच्या दारात पोचते. धाकटी कामावर गेलेली असते. शेजारीण खुर्ची देते आणि थोरली बसते.

“आणि भेट?”

“जागा संपली. बसायला तरी मिळालं तिला.”

“वाचक चिडतील.”

“चिडू देत. पत्रं छापायला आता साप्ताहिक कुठे आहे?”

सोमवारी मी जरा घाबरतच विचारलं, “नवीन काही डोक्यात आहे?”

“कोणासाठी?” तिने चिकटपट्टी माझ्याकडे सरकवली. मग सुपरवायझरला हाक मारून शनिवारच्या ओव्हरटाइमला स्वतःचं नाव दिलं. इतकी वर्षं शनिवारी ती लिहायला बसायची.