लक्षुमणदादांचा बंदोबस्त

लक्षुमणदादांच्या दुकानात गप्पांना कधी बंदी नव्हती, पण वस्तरा गिऱ्हाइकाच्या गालाला लागला की सगळ्यांनी तोंड मिटायचं. बाकावर कुणी नुसतं हसलं तरी दादांचा हात थांबे. "गळा माज्या हातात दिलाय त्यांनी," ते म्हणत, "आता त्यांची जबाबदारी माजी." म्हसळ्याच्या पेठेत माझं वह्या-पुस्तकांचं दुकान त्यांच्या समोरच होतं. माझ्याकडे गिऱ्हाईक नसलं की मी त्या बाकावर जाऊन बसे, म्हणजे बहुतेक दिवसभर.

दुकानाची जागा अण्णांची. अण्णा आमच्याकडचे मोठे जमीनदार. दादांचं भाडं कधी थकलं नव्हतं, पण जावयाला कापडाचं दुकान थाटून द्यायचं अण्णांच्या मनात आलं आणि दादा काही उठेनात. तेव्हा अण्णांनी निरोप धाडला, बाजाराच्या दिवशी माणसं येऊन खुर्ची-आरसा रस्त्यावर ठेवतील. दादांचं जेवणावरचं मन उडालं. पेठेत दुसरी जागा मिळणार नव्हती आणि गावोगाव फिरून हजामती करायचं वय राहिलं नव्हतं. शेवटी मीच त्यांना पोलीस ठाण्यावर नेलं.

फौजदार हसले. "वस्तरा तुमच्या हातात, आणि संरक्षण तुम्हालाच हवं?"

"सायेब, वस्तरा दाढीचा हाय," दादा गंभीरपणे म्हणाले.

फौजदार माणूस भला. कोर्टाच्या हुकमाशिवाय भाडेकरूला काढता येत नाही, असं त्यांनी अण्णांना कळवलं आणि बाजाराच्या दिवशी एक हवालदार आमच्या बाकावर आणून बसवला. अण्णांची माणसं आली, खाकी कपडे बघून कोपऱ्यावरूनच परतली.

घटकाभरानं खुद्द अण्णा आले. भांडण झाल्यापासून ते दादांकडे फिरकले नव्हते, दुसऱ्याचा हात त्यांना चालत नसे, आणि संध्याकाळी धाकट्या मुलीला बघायला श्रीवर्धनचे पाहुणे यायचे होते. दाढी अशी वाढलेली की पाहुण्यांनी दारातूनच पाय मागे घेतला असता. "दाढी करायची आहे," म्हणत ते खुर्चीत बसले. दादा वस्तरा पट्ट्यावर घासू लागले, तसे अण्णा हवालदाराला हळूच म्हणाले, "तुम्ही जरा इथं जवळ उभे राहा."

बाकावर आमची हसू दाबता दाबता पुरेवाट झाली. दादांनी मात्र वस्तरा मिटला.

"न्हाय जमायचं, अण्णा. भ्यालेल्या मानसाची कातडी आखडते. त्यांना भायेर धाडा, न्हायतर तुमी उटा."

अण्णांनी आरशातून एकदा मिटलेल्या वस्तऱ्याकडे आणि एकदा आपल्या वाढलेल्या दाढीकडे बघितलं. मग म्हणाले, "हवालदार, तुम्ही चहा घेऊन या."

दाढी झाली. कुठं ओरखडा नाही. जागेविषयी दादांनी चकार शब्द काढला नाही. अण्णा गालावरून हात फिरवत पायरी उतरले आणि वळून म्हणाले, "पुढच्या बाजाराला हवालदार नको. उगाच बसवून ठेवू नकोस त्याला." जावयाचं दुकान पुढे माणगावला निघालं.

काही वर्षांनी दादांचे हात कापू लागले. एका सकाळी माझ्या गालाला साबण लावून त्यांनी वस्तरा पुतण्याच्या हाती दिला. "आता ह्याच्याकडं द्या गळा," म्हणाले आणि बाकावर जाऊन बसले. मला फार वाईट वाटलं. ते मात्र मजेत पान जुळवत होते.

माझ्यानंतर अण्णांची पाळी. तेही आता थकले होते. पुतण्यानं वस्तरा उघडला, तसा अण्णांनी त्याचा हात धरला आणि बाकाकडे बघत म्हणाले, "लक्षुमणा, तू जरा इथं जवळ उभा राहा."