वगळलेली गल्ली

इंग्रजीत बोलायला मला कधी भीती वाटली नाही. मराठीत वाटते. रस्त्यात उभं राहून मराठीत दोन वाक्यं बोलायची म्हटलं की घसा कोरडा पडतो, कारण ती आजूबाजूच्या सगळ्यांना कळतात. इंग्रजी पेठेत कुणाला कळत नसे. त्यामुळे भर चौकात उभी राहूनही मी दार लावून बसल्यासारखी असायची. म्हणूनच मला ते काम जमलं.

मी मिशनच्या शाळेत शिकले. बी.ए. झाल्यावर तिथल्या मोठ्या बाईंनी मला बोलावून घेतलं. हिवाळ्यात त्यांच्याकडे परदेशातून पाहुणे येत. कुणी शिक्षिका असे, कुणी डॉक्टर, कुणी कुणाची बहीण. देऊळ आणि राजवाडा मोटारीतून पाहून ते परत जात. बाईंचं म्हणणं असं की कोल्हापूर पायी पाहायला हवं. एका मैलाच्या आत इतक्या तऱ्हांची माणसं राहतात, ती मोटारीतून दिसत नाहीत. दर रविवारी सकाळी पाच-सहा पाहुण्यांना घेऊन मी पेठांमधून फिरायचं असं त्यांनी ठरवलं. नाही म्हणायलाही धीर लागतो, तो माझ्याकडे नव्हता.

फेरीत मी जे बोलायची ते सगळं वहीत लिहून पाठ केलं होतं. देवळाच्या मागच्या अंगाने जैन बस्ती, मग लिंगायतांचा मठ, मग दारावर गणपती असलेला दर्गा. पाहुणे तिथे हटकून थांबत आणि दोनदोनदा विचारून खात्री करून घेत. पुढे चप्पल करणाऱ्यांची ओळ, सिंधमधून येऊन नव्याने बसलेले कापडवाले आणि शेवटी दुधाचा कट्टा. कट्ट्यावर म्हशी उभ्या असत. गवळी समोर धार काढून फेसाने भरलेला पेला हातात देत. न तापवलेलं दूध प्यायला पाहुणे कचरत, तेव्हा एक जाड मिशांचा गवळी ओरडायचा, "घ्या की मडम! म्हस इंग्रजी बोलत न्हाय म्हून दूध वाईट व्हय?" मी सांगायची, "ते म्हणतात, दूध अगदी ताजं आहे." असं मी नेहमीच करत असे. दोन्हीकडचं जे टोचेल ते मधल्या मध्ये काढून टाकायचं.

कट्ट्याच्या अलीकडे एक चौक होता. तिथून समोरच्या सरळ गल्लीतून कट्टा दोन मिनिटांवर. मी मात्र डावीकडे वळून, तालमीला वळसा घालून सगळ्यांना नेत असे. त्या सरळ गल्लीत आमचं घर होतं.

मी तेरा वर्षांची होते. दिल्लीत प्रार्थनेला निघालेल्या महात्म्याचा खून झाला, मारणारा आमच्या जातीचा निघाला, आणि मग कोल्हापुरात आमच्या जातीची घरं, दुकानं, छापखाने पेटायला लागले. वडील शाळामास्तर. पुस्तकांखेरीज घरात काही नव्हतं, म्हणून आपल्याकडे कोण कशाला येईल असं ते म्हणत होते. शेजारी तेलाचा घाणा होता. घाण्याच्या काकू परड्यातून धावत आल्या, आईच्या अंगावर स्वतःचं लुगडं टाकलं आणि आम्हां तिघांना त्यांच्या मागच्या खोलीत कोंबलं. पेंडीच्या पोत्यांमागे आम्ही बसलो. वडिलांनी दोन्ही हातांनी कान दाबून धरले होते. मी धरले नव्हते.

बाहेर नुसता गलका होता, शब्द लागत नव्हते. मग भिंतीला अगदी लागून एक आवाज आला.

"म्होरल्या दाराला कशापायी ताकद लावतायसा? मागल्या दाराची कडी मीच बसवलीया. एका लाथंत येतीया."

आवाज गल्लीतल्या सुतारांचा होता. समोरच्या ओळीत, तीन दारं सोडून त्यांचं घर. वडिलांच्या पुस्तकांची कपाटं त्यांनी केली होती. उरलेल्या लाकडाची एक म्हैस मला करून दिली होती, तिची शिंगं हलायची.

कडी एका लाथेत आली. तो आवाजही मी ऐकला.

त्यानंतर आम्ही राजारामपुरीत दोन खोल्यांत राहायला गेलो. कुणी विचारपूस करायला आलं की वडील सांगत, "बाहेरची माणसं होती हो. खेड्यांतून ट्रकांनी आलेली. आमच्या गल्लीतलं एक माणूस त्यात नव्हतं." हे वाक्य ते इतक्यांदा बोलले की ते बोलल्याशिवाय त्यांना जेवण जात नसावं असं मला वाटे. कधी म्हणत, "एकदा जाऊन सगळ्यांना भेटून यायला हवं. तो सुतार, फार सज्जन माणूस." मी पाणी आणायच्या निमित्ताने उठायची. मी बोलले असते तर घर जळूनही वडिलांपाशी जे उरलं होतं तेही गेलं असतं. शिवाय दुसरी एक भीती होती, ती मी कुणाला सांगितली नाही: मला माहीत आहे, हे एक दिवस सुतारांना कळेल.

एका हिवाळ्यात पाहुण्यांत निळ्या टोपीच्या एक वृद्ध बाई होत्या. आयुष्यभर त्यांनी मुलांना भूगोल शिकवला होता. फेरीत त्या फारसं बोलत नसत, चालता चालता वहीत पेन्सिलीने नकाशा काढत. दुसऱ्या रविवारी त्यांनी तो मला दाखवला. दर्गा, तालीम, चपलांची ओळ, सगळं जागच्या जागी होतं. मधे एक पांढरा चौकोन सुटला होता.

"आपण दोन्ही वेळा याला वळसा घातला," त्या म्हणाल्या. "इथे काय आहे?"

"काही नाही," मी म्हटलं.

"एवढ्या दाट वस्तीत काही नाही?"

मी सगळ्यांना पुढे चला म्हणाले.

तिसऱ्या रविवारी कट्ट्यावर पोचल्यावर मी माणसं मोजली. पाच हवी होती, चारच होती. निळी टोपी नव्हती. पेठेत परदेशी म्हातारी हरवली तर मोठ्या बाईंना काय सांगायचं, हा विचार पहिल्यांदा आला. पण तो टिकला नाही, कारण ती कुठे गेली असेल ते मला तेव्हाच कळलं होतं.

मिशांच्या गवळ्याने मला आजूबाजूला बघताना पाहिलं. "पावणं चुकलं व्हय? निळ्या टोपीची म्हातारी न्हवं? ती काय, हितनंच त्या गल्लीत शिरली. मी हाक मारली, ओ मडम, पेला तरी घ्या! ऐकंल तर शपथ."

मी उभीच राहिले.

"जावा की ताई. गल्ली खातीया व्हय? ह्यांच्याकडं बघतो मी. दूध पाजल्याबिगर सोडत न्हाय एकाला बी."

मी कट्ट्याच्या बाजूने गल्लीत शिरले. साडीचा पदर कानांवरून ओढून घेतला. माझ्या आठवणीतली गल्ली रुंद होती. ही इतकी अरुंद की दोन्ही भिंती खांद्याला लागतील असं वाटलं. एका दारात कुणी भांडी घासत होतं. कुणी वर पाहिलं नाही, तरी प्रत्येक खिडकीतून माझं नाव उच्चारलं जातंय असा भास होत होता. मग रंध्याचा आवाज आला. खर्र, खर्र. लहानपणी दुपारी याच आवाजात मला झोप लागायची.

निळ्या टोपीच्या बाई सुतारांच्या ओट्यावर अर्धवट झालेल्या स्टुलावर बसल्या होत्या, वही मांडीवर. सुतार रंधा मारत होते. केस सगळे पांढरे झालेले, हात तेच. समोर आमची जागा. एरंड माजला होता, त्याच्या आडोशाला कुणाचं तरी रेडकू बांधलेलं.

"या पावणं," सुतार मला म्हणाले. "ह्या मडम तुमच्याच न्हवं? काय बोलत्यात कळंना, पर बसल्यात निवांत. च्या सांगू का?"

त्यांनी मला ओळखलं नव्हतं. बाईंचा हात धरून मला तसंच निघता आलं असतं.

"बरं झालं तू आलीस," बाई इंग्रजीत म्हणाल्या आणि पेन्सिलीने एरंडाकडे दाखवलं. "त्यांना विचार, तिथे पूर्वी काय होतं?"

सुतार रंधा थांबवून माझ्याकडे बघत राहिले. "काय इचारतीया म्हातारी?"

मी पुढे जे बोलले ते आधी ठरवलेलं नव्हतं. आजही वाटतं, ते मी बोलायला नको होतं. माझा आवाज मलाच मोठा ऐकू आला.

"बाई विचारतायत, तिथल्या घराच्या मागच्या दाराची कडी कुणी बसवली होती?"

त्यांनी आधी बाईंकडे पाहिलं. समुद्रापलीकडून आलेली ती म्हातारी त्यांच्याकडे बघून मान हलवत हसत होती, उत्तराची वाट पाहत होती. सुतारांचा चेहरा असा झाला की मी नजर खाली वळवली. त्यांच्या हातातला रंधा लाकडावर नुसता टेकलेला होता.

"ह्यास्नी कसं ठावं?" ते म्हणाले. "कुणी सांगितलं ह्यास्नी?"

मग ते माझ्याकडे वळले आणि त्यांनी मला नीट निरखलं.

"तुमी मास्तरांच्या न्हवं?"

"हो."

"त्या वक्ताला कुठं व्हतासा?"

"घाण्याच्या मागच्या खोलीत. भिंतीला लागून."

त्यांनी त्या भिंतीकडे पाहिलं. मीही पाहिलं. ती अजून तशीच होती, आमच्या बाजूने काळी.

"मास्तरांनी ऐकलं?"

"नाही."

ते खाली बसले. लाकडाच्या भुशात हात टेकून, माझ्याकडे न बघता म्हणाले, "मीच बसवलीती."

त्यांनी चिडून उठावं, काही फेकून मारावं, असं वाटत होतं; ते मला समजलं असतं. ते नुसते बसून राहिले.

"इतका वेळ बोलले ते," बाई म्हणाल्या. "काय म्हणतात?"

"ते म्हणतात, तिथे एका मास्तरांचं घर होतं," मी सांगितलं. "लाकूडकाम यांनीच केलं होतं."

बाईंना फार आनंद झाला. त्यांनी पांढऱ्या चौकोनात एक छोटं घर काढलं, खाली 'शाळामास्तर' असं इंग्रजीत लिहिलं, आणि वही सुतारांसमोर धरली. सुतारांनी हात जोडले. वहीला, बाईंना की मला, ते समजलं नाही.

बाईंना घेऊन परत येताना गल्ली संपेपर्यंत माझी पाठ जळत होती. आता काहीतरी पाठीत येईल असं वाटत होतं. मागून रंध्याचा आवाज येतो का, याकडे कान लावून मी चालत होते. आला नाही. कट्ट्यावर गवळी चारही पाहुण्यांच्या हातात पेले देऊन बसला होता. "सापडली न्हवं म्हातारी? सांगितलं की गल्ली खात न्हाय म्हून!" आणि त्याने एक पेला माझ्याही हातात दिला. त्यातलं अर्धं दूध मी पदरावर सांडलं.

तो नकाशा मोठ्या बाईंना फार आवडला. त्यांनी तो भिंतीवर लावला आणि म्हणाल्या, यापुढे फेरी त्या गल्लीतूनच जाऊ दे, वळसा कशाला. पुढच्या रविवारी चौकात मी डावीकडे न वळता सरळ गेले. सुतारांच्या दाराला कुलूप होतं.

त्याच्या पुढच्या रविवारीही. तिसऱ्या खेपेला घाण्याच्या काकूंनी मला ओळखलं, रस्त्यातच कवटाळलं, "मास्तरांची पोर! किती वाळलीस गं!" म्हणून पाहुण्यांदेखत माझ्या गालांवरून हात फिरवून कानशिलावर बोटं मोडली. मग कुलपाकडे हनुवटी करून म्हणाल्या, "ह्याला काय झालंय कुणास ठावं. आठवडाभर रंधा मारतंय, आन् आयतवारी सकाळी कुलूप घालून गायब. तुमची फेरी गेली की दहा मिनटांत हजर."

कुलूप पाहून दर वेळी मला सुटल्यासारखं वाटे, आणि लगेच पुढच्या रविवारची धास्ती लागे. ते मला टाळतात हे कळल्यावर माझी भीती कमी व्हायला हवी होती. झाली नाही. पूर्वी ती माझ्या एकटीची होती, आता त्यांच्याकडेही तेवढीच होती, इतकंच.

फेरी आपल्या जुन्या गल्लीतून जाते हे वडिलांना कुठून तरी कळलं. संध्याकाळी वर्तमानपत्र बाजूला ठेवून त्यांनी मला बोलावलं. त्यांचा चेहरा उजळला होता.

"मला बोलली नाहीस ते? घाण्याच्या काकू भेटतात?"

"भेटतात."

"आणि आपला सुतार? तो काय म्हणतो?"

आई चुलीपाशी होती, तिने वळून पाहिलं. माझा आवाज नीट निघाला.

"रविवारी त्यांचं दार बंद असतं," मी म्हटलं.